पाठलाग आणि जमाखर्च

सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठात चित्रपटविद्या शिकत असताना जॉर्ज ल्यूकसने १९६७ साली, भूमिगत नगरीतून पळ काढणाऱ्या एका मनुष्याची जी सुमारे पंधरा मिनिटांची फिल्म केली, तिच्याच विस्तारातून, फ्रान्सिस फोर्ड कोपोलाच्या अमेरिकन झोट्रोप या संस्थेच्या आश्रयाने व वॉर्नर ब्रदर्सच्या भांडवलावर, मार्च १९७१ मध्ये ‘टीएचएक्स ११३८’ हा चित्रपट पडद्यावर आला.

त्यातील प्रजेला नावे नाहीत, अक्षरे व आकडे आहेत. सर्वांचे मुंडण झालेले. विकार शमविणारी औषधे सर्वांस सक्तीची, आणि ती न घेणे हा गुन्हा. परंतु या राज्याचा कोणी क्रूर अधिपती कोठेच दिसत नाही, आणि माझ्या मते चित्रपटाचे खरे सामर्थ्य येथेच आहे. रॉबर्ट डुव्हॉलने साकारलेला नायक शुभ्र, भिंती नसलेल्या कैदेत वेदनेने तळमळत असता, दृष्टीआड बसलेले दोन कर्मचारी कोणत्या कळीने काय होते याची शांतपणे विचारपूस करीत राहतात. त्यांच्या स्वरात द्वेष नाही, केवळ कामाची सवय आहे. पुढे तो निसटतो, यंत्रपोलीस मागे लागतात, आणि तो हाती लागणार तोच, खर्च मंजूर रकमेहून सहा टक्के अधिक झाल्यामुळे मोहीम रद्द करण्याचा हुकूम सुटतो. मनुष्याच्या मुक्ततेचा निकाल जमाखर्चाच्या वहीत लागावा, इतकी भेदक कल्पना त्या काळच्या विज्ञानपटांत मला दुसरी आढळलेली नाही.

नगरी उभारण्याइतका पैसा नव्हता, म्हणून सॅन फ्रान्सिस्कोच्या तेव्हा अपुऱ्या असलेल्या भुयारी रेल्वेचे बोगदे व फ्रँक लॉइड राइटने आखलेली मरीन परगण्याची सरकारी इमारत कामी आली. उरलेली नगरी वॉल्टर मर्चच्या ध्वनियोजनेने उभी केली, जीत सूचना, ताकिदी व अर्धवट संभाषणे एकावर एक साचत जातात.

वॉर्नरच्या अधिकाऱ्यांस हे रुचले नाही; त्यांनी काही मिनिटांचा भाग कापला व झोट्रोपला दिलेली रक्कम परत मागितली. ‘स्टार वॉर्स’च्या यशानंतर तो भाग पुन्हा जोडला गेला, पण २००४ मध्ये स्वतः ल्यूकसनेच संगणकनिर्मित दृश्ये घालून नगरी विस्तीर्ण व गजबजलेली केली. कलावंताचा आपल्या कृतीवरील अधिकार मला मान्य आहे. तथापि त्या अरुंद बोगद्यांत प्रेक्षकाचा जो श्वास कोंडत असे, तो या विस्ताराने मोकळा झाला, हे मोठे नुकसान होय. कापलेला भाग जोडलेली, परंतु संगणकाचा हात न लागलेली प्रत नव्या प्रेक्षकांस सुलभ व्हावी, असा माझा आग्रह आहे.