सैनिकाचे स्वकथन आणि माहितीपट

मराठी आत्मकथनांची चर्चा गेल्या काही दशकांत विपुल झाली. तथापि सैनिकाच्या स्वकथनाकडे अभ्यासकांचे लक्ष त्या मानाने कमीच गेले. याचे एक कारण सामग्रीच्या स्वरूपात आहे. अधिकाऱ्यांनी आठवणी लिहिल्या. शिपाई, नाईक, हवालदार यांनी आपला अनुभव बहुधा सांगितला, लिहिला नाही. सांगितलेले टिकवणारे माध्यम या नात्याने माहितीपटाचा विचार साहित्याच्या अभ्यासकानेही करावयास हवा, असे प्रस्तुत लेखकाला वाटते.

रायगड जिल्ह्यातीलच उदाहरण घेऊ. माणगाव तालुक्यातील नाईक यशवंत घाडगे १० जुलै १९४४ रोजी इटलीत, टायबर नदीच्या खोऱ्यात धारातीर्थी पडले. त्यांच्या तुकडीतील इतर सर्व जण मशीनगनच्या माऱ्यात मृत वा जखमी झाल्यावर ते एकटेच त्या ठाण्यावर चालून गेले. हातबॉम्ब टाकून त्यांनी तोफ निकामी केली, एकाला गोळी घातली आणि काडतुसे बदलण्यास अवधी नसल्याने उरलेल्या दोघांना बंदुकीच्या दस्त्याने लोळवले. त्यानंतर दडून बसलेल्या शत्रूच्या गोळ्यांनी त्यांचा अंत झाला. मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉसच्या मानपत्रामुळे हा प्रसंग आपल्याला ठाऊक आहे. परंतु मानपत्र ही सरकारी इंग्रजीत, वरिष्ठांनी केलेली रचना होय. तीत कृती आहे, भय नाही. क्रम आहे, बोली नाही. घाडगे यांना स्वतः सांगता येणे शक्यच नव्हते. जे परतले त्यांनी मात्र ओटीवर बसून काय सांगितले, ते बव्हंशी हवेत विरले.

प्रारंभीच्या माहितीपटांनी ही उणीव भरून काढली नाही. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनच्या पटांत जवान दिसे, बोले मात्र निवेदक. तो भारदस्त आवाज अनेक भाषांत ध्वनिमुद्रित होई. जवानाच्या मुखातील मराठीला तेथे वाव नव्हता. वस्तुतः ती मराठी अभ्यसनीय आहे. पलटणीत वर्षे काढलेल्या माणसाच्या बोलण्यात गावची बोली, फौजेतील हिंदुस्थानी आणि मोडके इंग्रजी शब्द असे काही एकजीव झालेले असतात की, ते शुद्ध करू जाता अनुभवच निसटतो.

सैनिकालाच निवेदक करणारे पट पुढे आले. १९७१च्या जानेवारीअखेरीस डेट्रॉइट येथे व्हिएतनामहून परतलेल्या अमेरिकन सैनिकांनी आपण केलेल्या व पाहिलेल्या अत्याचारांच्या जाहीर साक्षी दिल्या. त्यांवरील ‘विंटर सोल्जर’ (१९७२) या पटात ध्वनिक्षेपकापुढे बसून बोलणारी माणसे हेच मुख्य दृश्य आहे. आपल्याकडे कबीर खान यांच्या ‘द फर्गॉटन आर्मी’ (१९९९) या पटात लक्ष्मी सहगल आणि गुरुबक्षसिंग धिल्लन हे आझाद हिंद सेनेचे दोन वृद्ध सेनानी सिंगापूरपासून आपल्याच जुन्या वाटेने पुन्हा प्रवास करतात. येथे स्थळ हेच स्मृतीला चालना देते. (याच सेनेतील वरिष्ठ अधिकारी जगन्नाथराव भोसले सावंतवाडीकडचे, तेव्हा हा विषय मराठी माणसाला परका नाही.) अर्थात दोघेही अधिकारीच, हेही नोंदवले पाहिजे.

माहितीपटातील कथन निर्भेळ असते, असा मात्र भ्रम नको. प्रश्न कोणी विचारला, कॅमेऱ्यामागे कोण होते, संकलनात काय गाळले, यांवर कथनाचा आकार ठरतो. आत्मकथनात लेखक स्वतःच निवड करतो; येथे ती दुसऱ्याच्या हाती जाते. म्हणून असा पट ‘वाचताना’ शब्दांइतकेच थांबणे, विषय बदलणे, ‘सोडा ते’ म्हणून हात झटकणे यांकडे पाहावे. युद्धात माणूस मारल्याच्या आठवणीपाशी येणारा विराम ही संहितेतील त्रुटी नव्हे. तो तिचाच भाग आहे.

१९७१च्या युद्धात विशीत असलेला जवान आज सत्तरी ओलांडून गेला आहे. लोधिवली, चौक, खालापूर, कर्जत या पट्ट्यातून पदव्युत्तर वर्गात येणाऱ्या विद्यार्थ्याच्या नात्यात वा शेजारी असा कोणी असल्यास त्याची अनुमती घेऊन कथन मुद्रित करावे. प्रश्न थोडे विचारावेत. लिप्यंतर करताना बोली बदलू नये, विराम वगळू नयेत, तारीख व स्थळ नोंदवावे. संपादित पट वेगळा. मूळ मुद्रण न कापता विभागाच्या ग्रंथालयात ठेवावे आणि एक प्रत त्या घरी पोचवावी.