चित्रपती शांताराम: शेतकरी, जेलर आणि गुरुजी

मागे एका शिबिरासाठी आसपासच्या खेड्यांतले काही शिक्षक आमच्या पनवेलला आले होते. चहाच्या वेळी एका गुरुजींनी मला विचारलं, "सर, सिनेमानं पोरं बिघडतात, पटतं ना तुम्हांला?" मी म्हटलं, "कोणत्या सिनेमानं, ते आधी सांगा!" तेव्हा बोलणं अर्धवट राहिलं. आज ते व्ही. शांताराम यांच्या आधारानं पुरं करतो.

शांताराम राजाराम वणकुद्रे यांचा जन्म १९०१ सालचा, कोल्हापूरचा. पदवी वगैरे काही नाही. लहानपणी गंधर्व नाटक मंडळी, मग हुबळीला रेल्वेचा कारखाना, असं करत ते बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत शिरले आणि पडेल ते काम करत धंदा शिकले. १९२५ साली पेंटरांनी 'सावकारी पाश' हा मूकपट काढला. कर्जापायी जमीन गमावून शहरात गिरणीकामगार होणारा तरुण शेतकरी त्यात शांतारामांनी रंगवला. देवादिकांच्या कथांची चलती असलेल्या त्या काळात पडद्यावर आपल्यासारखा कुणबी दिसला, ही गोष्ट लहान नव्हे.

१९२९ साली चार सहकाऱ्यांसह त्यांनी कोल्हापुरात 'प्रभात' उभी केली. पुढे ती पुण्यास गेली. तिथं १९३७ साली 'कुंकू' आला. फसवून म्हाताऱ्या बिजवराच्या गळ्यात बांधलेली मुलगी हा संसार मानायलाच नकार देते, अशी ती कथा. गंमत पाहा, या बोलपटात पार्श्वसंगीत जवळजवळ नाहीच. घरातले, रस्त्यावरचे खरे आवाज तेवढे ऐकू येतात. प्रेक्षकाला रडवायला वाद्यं न वापरता त्याला विचार करायला लावायचं, हा त्यामागचा हेतू. १९४१ च्या 'शेजारी'त हिंदू-मुसलमान मित्रांची ताटातूट त्यांनी दाखवली. १९४२ मध्ये प्रभात सोडून त्यांनी मुंबईस 'राजकमल' काढली. सोलापूरच्या डॉ. कोटणीसांवरील १९४६ च्या चित्रपटात कोटणीसांची भूमिका त्यांनी स्वतःच केली.

मग १९५७ चा 'दो आँखें बारह हाथ'. सहा खुनी कैद्यांना बेड्यांशिवाय माळरानावर नेऊन शेती करायला लावणारा जेलर! ही कल्पना हवेतून आलेली नव्हे. औंध संस्थानानं आटपाडीजवळ स्वतंत्रपूर इथं खुल्या तुरुंगाचा असा प्रयोग केला होता. कथा ग. दि. माडगूळकरांची, जेलर स्वतः शांताराम. चित्रीकरणात बैलाशी झुंज घेताना त्यांच्या डोळ्याला गंभीर इजा झाली. पुढच्या वर्षी बर्लिनच्या महोत्सवात चित्रपटाचा गौरव झाला.

त्यांचं सगळंच काम सारख्या मोलाचं आहे, असं मात्र मी म्हणणार नाही. उत्तरायुष्यात रंग आणि नृत्य यांचा भपका कथेवर मात करू लागला, अशी टीका झाली. ती अगदीच गैर नव्हती. पण सत्तरी गाठलेल्या या माणसानं १९७२ साली 'पिंजरा' दिला. तमाशाला विरोध करायला निघालेले गुरुजी त्याच्याच मोहात सापडतात. गाव त्यांना मेलेलं समजून त्यांचा पुतळा उभारतं आणि जिवंत गुरुजींवर गुरुजींच्याच खुनाचा आरोप येतो! शिक्षकाची प्रतिमा मोठी की खरा माणूस, हा प्रश्न आपल्या पेशाला चांगलाच झोंबतो.

१९८५ सालासाठी त्यांना दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. १९८७ पर्यंत ते चित्रपट करत होते. १९९० साली ते गेले. मूकपटापासून रंगीत पटापर्यंत सारी साधनं बदलली, पण त्यांच्या उत्तम चित्रांत कोणा ना कोणावर झालेला अन्याय किंवा कोणाची तरी सुधारणा हाच विषय राहिला.

तेव्हा गुरुजी, पोरांना सिनेमापासून तोडू नका. वर्षातून एकदा 'दो आँखें बारह हाथ' शाळेत दाखवा आणि दुसऱ्या दिवशी एवढंच विचारा, "तुम्ही जेलर असता, तर त्या सहांवर विश्वास ठेवला असता का?" मग काय उत्तरं येतात, ती शांतपणे ऐका.