सोयगांव ते पैठण : तळ्याकांठच्या गांवांचा प्रवास

पोळा होऊन गेला आहे, कपाशीची निंदणी आटोपली आहे आणि पहिल्या वेचणीस अद्याप तीन-चार आठवडे अवकाश आहे, असे मोकळे दिवस शेतकऱ्याच्या वर्षांत फार थोडे येतात. याच दिवसांत आपल्या बाजूचीं बहुतेक तळीं भरत आलेलीं असतात व डोंगर हिरवे असतात. सोयगांव तालुक्यांतील शेतकरी बंधूंनीं या अवकाशांत दोन दिवसांचा एक प्रवास करावा, अशी आमची सूचना आहे. सोयगांवाहून हळद्याच्या घाटानें वर चढावें, आणि सिल्लोड, फुलंब्री, खुलताबाद, दौलताबाद व छत्रपति संभाजीनगर यांवरून पैठणास पोंचावें. सगळा रस्ता सुमारें दोनशें किलोमीटर भरतो. या वाटेवर लेणीं, किल्ले व देवस्थानें पाहणारे पुष्कळ जातात. परंतु वाटेंतील तळीं कोणीं बांधलीं, त्यांचें पाणी कोणाच्या शेतांत जातें आणि त्यांच्या तळाशीं कोणाची माती सांचते, हें पाहणारा प्रवासी विरळा. शेतकऱ्यानें तरी तें पाहिलें पाहिजे.

सोयगांव हें अजिंठ्याच्या डोंगररांगेच्या पायथ्याशीं वसलेलें आहे. १९४८ पर्यंत तें निजामाच्या राज्यांत होतें आणि आजही त्याचा जिल्हा घाटावरचा आहे. पण जमिनीचा उतार, बाजाराची ओढ आणि बोलीची धाटणी पाहतां तें खानदेशाचेंच आहे, कारण पाचोरा व शेंदुर्णी त्यास जवळचीं. गांवाबाहेर पडून घाटाची वाट धरली कीं वेताळवाडीचा किल्ला समोर येतो आणि त्याच्या पायथ्याशीं धरणाचें पाणी पसरलेलें दिसतें. किल्ल्याचे बुरूज व तटबंदी अद्याप बऱ्यापैकीं उभी आहे. वर चढून तटावरून खालीं पाहिलें असतां डोंगराच्या कुशींत अडकलेलें तें पाणी, त्याखालचीं कपाशीचीं व मक्याचीं शेतें आणि दूरवर सपाट झालेला खानदेश एकाच नजरेंत येतो. घाईच्या प्रवाशानेंही येथें तासभर मोडावा.

मात्र येथें एक गोष्ट बारकाईनें पाहावी. घाटाच्या पायथ्याच्या तळ्यास पाणी जितक्या वेगानें मिळतें, तितक्याच वेगानें मातीही मिळते. उभ्या चढावरून धांवत आलेला लोंढा तळ्याच्या मुखाशीं मंदावतो, तेथें दगडगोटे व मुरूम टाकतो, पुढें वाळू टाकतो, आणि सर्वांत बारीक, सुपीक गाळ भिंतीच्या बाजूच्या खोल पाण्यांत नेऊन सोडतो. उताराच्या शेतांत बांध फुटले असतील, किंवा नांगरट उताराच्या दिशेनें उभी केली असेल, तर त्या शेताचें उत्तम अंग तळ्याच्या तळाशीं जाऊन बसतें. मालकास पीक कमी कां येतें हें समजत नाहीं, आणि खालच्या गांवास तळें लवकर कां आटतें हें समजत नाहीं. दोघांचें दुखणें एकच आहे.

घाट चढून हळद्यास आलें कीं आपण नकळत एक मोठी सीमा ओलांडतों. ही डोंगररांग तापी व गोदावरी या दोन खोऱ्यांतील पाणलोटाची रेषा आहे. सोयगांवाच्या बाजूस पडलेला थेंब तापीच्या वाटेनें अरबी समुद्रास जातो. माथ्यापलीकडे दक्षिण उतारावर पडलेला थेंब पूर्णेस व गोदावरीस मिळून बंगालच्या उपसागरास जातो. उगमाशीं कांहीं हातांचें अंतर असलेल्या पाण्याचा शेवट देशाच्या दोन टोकांस व्हावा, हें पठारावर उभें राहून मनांत आणल्यावांचून राहवत नाहीं. ज्यांनीं अजिंठ्याचीं लेणीं पाहिलीं नसतील त्यांनीं येथून थोडी वांकडी वाट करून वाघूर नदीच्या घोड्याच्या नालासारख्या वळणावर उतरावें. लेणीं आपल्याच तालुक्यांत आहेत, आणि परदेशांतून लोक येऊन पाहून जातात.

उंडणगांवावरून सिल्लोडाकडे निघालें कीं जमीन मोकळी व काळी होऊं लागते. हा मुलूख मक्याचा, कपाशीचा व मिरचीचा. सिल्लोडास स्वतःचें असें तळ्याकांठचें सौंदर्य नाहीं. गांव व्यापारी आहे आणि रस्त्यावर धूळ फार आहे. पण पालोदजवळचा खेळणा प्रकल्प अवश्य पाहावा. त्याच्या पाण्यावर शेती तर आहेच, शिवाय सिल्लोड शहराची तहानही आहे. ज्या साली पाऊस दगा देतो त्या साली पिण्याचें पाणी राखून ठेवावें लागतें आणि रब्बीचीं आवर्तनें मारलीं जातात. शहर वाढेल तसतसा हा ताण वाढणार, हें त्या कालव्यावरच्या शेतकऱ्यांनीं आतांपासून ओळखून विहिरींचें पुनर्भरण व ठिबक यांकडे लक्ष द्यावें हें बरें.

खेळणा ही तीच नदी, जी पुढें जालना जिल्ह्यांत असईच्या रणांतून वाहते. २३ सप्टेंबर १८०३ रोजीं शिंदे-भोसल्यांच्या फौजेसमोर आर्थर वेलस्लीस ही नदी ओलांडावयाची होती, आणि उतार नाहीं असें वाटाडे सांगत होते. वेलस्लीनें दोन्ही कांठांस समोरासमोर वसलेलीं दोन गांवें पाहिलीं आणि लोक एकमेकांकडे जात-येत असणार, तेव्हां येथें उतार असलाच पाहिजे असा तर्क केला. तो खरा निघाला. आमच्या गांवांची मांडणी आमच्याहून परक्यास अधिक वाचतां आली, हें कबूल केलें पाहिजे.

गाळाविषयीं वर लिहिलें, त्याचा हिशोब येथें करून ठेवतों, कारण भरलेलीं तळीं पाहून आलेल्यास उन्हाळ्यांत तींच कोरडीं दिसतील तेव्हां तो उपयोगी पडेल. एक एकर म्हणजे ४३,५६० चौरस फूट. त्यावर एक इंच जाडीचा थर द्यावयाचा तर ३,६३० घनफूट, म्हणजे सुमारें ३६ ब्रास गाळ लागतो. चार इंच द्यावयाचा तर सुमारें १४५ ब्रास. ट्रॉलींत एक ब्रास धरला तर खेपा किती होतील व अंतर किती परवडेल, हें ज्याचें त्यानें काढावें. हलक्या, बरड व मुरमाड जमिनीस हा गाळ वरदानासारखा आहे. ती जमीन ओल अधिक दिवस धरूं लागते. उलट आधींच भारी, काळी व निचऱ्यास मंद अशा जमिनींत तो टाकणें म्हणजे दुखण्यांत दुखणें. गाळाचा नमुना माती परीक्षेस पाठवून क्षार किती, चुनखडी किती हें आधीं पाहावें. गाळ उन्हांत तापूं द्यावा, ढेकळें फुटल्यावर शेणखताबरोबर मिसळावा. आणि एक गोष्ट कधींही करूं नये : चांगला गाळ भिंतीजवळ असतो म्हणून भिंतीच्या पायथ्याशीं खणूं नये, धरणास त्यापासून धोका आहे. महाराष्ट्र सरकारनें २०१७ सालीं ‘गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार’ ही योजना काढली, तिच्यामागील कल्पना हीच आहे. पण योजनेची वाट न पाहतां गांवानें मिळून पाटबंधारे खात्याच्या परवानगीनें काम काढलें तर अधिक चांगलें.

फुलंब्रीवरून पश्चिमेस वळलें कीं पुन्हा चढ लागतो. खुलताबाद तालुक्यांतील येसगांवच्या गिरिजा धरणाचें पाणी टेंकड्यांच्या मधोमध शांत पडलेलें असतें, आणि आल्याचीं शेतें दिसूं लागतात. खुलताबाद हें आमच्या मतें या सगळ्या वाटेवरील सर्वांत रम्य गांव. हवा थंड, जुन्या वेशी उभ्या, चिंचेच्या व वडाच्या सावल्या दाट. औरंगजेबाची साधी मातीची कबर येथें आहे आणि १६२६ सालीं वारलेल्या मलिक अंबराचा मकबराही येथेंच आहे. जवळच भद्रा मारुतीच्या दर्शनास दूरदूरचे लोक पायीं येतात. सुलीभंजनाच्या टेंकडीवर एकनाथमहाराजांनीं तप केल्याची परंपरा आहे. तेथील सूर्यकुंड व आसपासचा जुना तलाव पावसाळ्याच्या शेवटीं पाहण्याजोगा असतो. उताराला कागजीपुरा लागतो. नांवाप्रमाणेंच हें हातकागद करणाऱ्यांचें गांव. चिंध्या कुजविण्यास, कुटण्यास व धुण्यास भरपूर स्वच्छ पाणी लागे, म्हणून हा धंदा तळ्यांच्या सोबतीस राहिला. पाण्यावर पीकच येतें असें नाहीं, धंदाही येतो.

दौलताबादेस किल्ल्यापेक्षां त्याच्या पाण्याची व्यवस्था आम्हांस अधिक थोर वाटते. १३२७ सालीं महंमद तुघलकानें दिल्लीहून राजधानी येथें आणली, तेव्हां एवढ्या लोकवस्तीस पाणी कोठून द्यावें हा प्रश्न खराच होता. त्याचा सुभेदार कुतलुघ खान याच्या नांवाचा हौज डोंगराच्या अंगास आहे. वरच्या दऱ्यांत पाणी अडवून, भाजलेल्या मातीच्या नळांनीं तें किल्ल्यांत आणलेलें होतें. आंतील हत्ती हौद सुमारें ४७ मीटर लांब-रुंद व साडेसहा मीटर खोल आहे. पाणी वर अडवावें, गाळ वरच बसूं द्यावा आणि निवळ पाणी खालीं आणावें, हें तत्त्व त्या लोकांस पक्कें ठाऊक होतें. पुढें मलिक अंबरानें खडकी शहरास, म्हणजे आजच्या छत्रपति संभाजीनगरास, भूमिगत नहरीनें पाणी दिलें, तेंही याच विद्येचें फळ. शहरांतली पाणचक्की पाहून पुढें निघावें; शहरांत अधिक रमूं नये, वाहनांच्या गर्दीनें जीव उबगतो. दौलताबादचीं सीताफळें मात्र रस्त्यावर दिसलीं तर घ्यावींत.

तेथून सुमारें ५० किलोमीटरांवर पैठण. सातवाहनांची राजधानी, नाथांचें गांव, पैठणीचें गांव. आणि आतां नाथसागराचें गांव. जायकवाडी हें नांव बीड जिल्ह्यांतील एका खेड्याचें. धरणाची पहिली कल्पना तेथें होती, जागा बदलून पैठण आलें तरी नांव तेंच राहिलें. १८ ऑक्टोबर १९६५ रोजीं लालबहादूर शास्त्री यांच्या हस्ते पायाभरणी झाली आणि २४ फेब्रुवारी १९७६ रोजीं इंदिरा गांधी यांच्या हस्ते उद्घाटन झालें. भिंत सुमारें १० किलोमीटर लांब, दरवाजे २७, एकूण साठा २,९०९ दशलक्ष घनमीटर, त्यांत उपयुक्त साठा २,१७१ दशलक्ष घनमीटर. डावा कालवा २०८ व उजवा १३२ किलोमीटर. पावणेदोन लाख हेक्टरांहून अधिक जमीन भिजविण्याचा संकल्प होता. भिंतीवर उभें राहिलें असतां पलीकडचा कांठ दिसत नाहीं. सूर्यास्ताच्या वेळीं तर समुद्राच्या कांठीं उभे आहों असें वाटतें.

पण या समुद्राची खोली फार नाहीं. तळें उथळ व पसरट आहे, पूर्ण भरलें असतां सुमारें ३५० चौरस किलोमीटर जागा व्यापतें. एवढ्या पृष्ठावरून पाण्याचा केवळ एक मिलिमीटर थर वाफ होऊन गेला तर ३५ कोटी लिटर पाणी जातें, आणि उन्हाळ्यांत एका दिवसांत एक मिलिमीटराहून कितीतरी अधिक जातें. शिवाय वर नाशिक व अहिल्यानगर जिल्ह्यांत धरणांची माळ आहे; तीं आधीं भरतात, पैठण मागून. मराठवाड्याच्या वाट्याचा हा वाद वर्षानुवर्षे चालला. २००५ च्या कायद्यानें समन्यायी वाटपाचें तत्त्व मान्य केलें आणि २०१३ सालीं मेंढेगिरी समितीनें सूत्र सुचविलें : ऑक्टोबरच्या मध्यास जायकवाडींत उपयुक्त साठा ६५ टक्क्यांहून कमी असेल तर वरून पाणी सोडावें. वरच्या शेतकऱ्यासही ऊस व द्राक्षबाग आहे, त्याचें म्हणणें अगदींच पोकळ नाहीं. तथापि ज्यांच्या नांवानें धरण बांधलें त्यांनीं रिकाम्या कालव्याकडे पाहत बसावें, हेंही न्यायाचें नव्हे. पैठणच्या मोसंबीच्या बागा दुष्काळांत वाळतात तेव्हां नव्या बागेस फळ लागण्यास पुन्हा पांच-सहा वर्षें जातात, हें सूत्र मांडणाऱ्यांनीं विसरूं नये.

ज्ञानेश्वर उद्यान पाहून झाल्यावर शक्य तर फुगवट्याच्या कांठच्या एखाद्या गांवीं जावें. या जलाशयाखालीं शंभराहून अधिक गांवांच्या जमिनी गेल्या. कांठाला वसविलेल्या गांवांतून विजेच्या मोटारी पाण्यांत सोडलेल्या दिसतात; आणि ‘धरण उशाला, कोरड घशाला’ ही म्हण लागू पडतील अशींही गांवें याच कांठावर भेटतात. पाणी मागें सरतें तशी काळी, ओली जमीन उघडी पडते. तीवर हरभरा, गहूं, टरबूज असा गाळपेरा होतो. तो पेरणाऱ्यांत कित्येक जण असे आहेत कीं त्याच जमिनीचा सातबारा एकेकाळीं त्यांच्या बापाच्या नांवें होता. १९८६ सालीं जलाशय पक्षी अभयारण्य म्हणून जाहीर झाला. परदेशी बदकें व रोहित पक्षी हिंवाळ्यांत याच उघड्या चिखलावर उतरतात, म्हणून गाळपेऱ्यावर निर्बंध आले. पक्षी राखावे हें खरें. पण गाळपेऱ्याचा पट्टा कोणास द्यावा हा प्रश्न उपस्थित होईल तेव्हां पहिला हक्क बुडिताच्या मालकाचा, दूरच्या ठेकेदाराचा नव्हे, असें आमचें स्पष्ट मत आहे. कांठच्या एखाद्या म्हाताऱ्यास विचारल्यास तो पाण्याकडे हात करून आपली विहीर कोठें होती, आंबा कोठें होता, हें सांगतो. पाणी फार उतरलें त्या वर्षीं त्या विहिरीचें कडें वर दिसतें, आणि लोक तें पाहावयास जातात.