पूर्व जर्मनीतला कामगार: गैरसमज आणि वस्तुस्थिती

‘समाजवादात सगळ्यांना सारखाच पगार’ हा सर्वांत पक्का बसलेला गैरसमज. पूर्व जर्मनीच्या कारखान्यांत वेतनश्रेण्या होत्या. बऱ्याच कामांना उत्पादनाचा कोटा ठरलेला असे आणि तो ओलांडला की जादा पैसे मिळत. त्यामुळे कोटा किती, हा घरखर्चाशी जोडलेला प्रश्न होता.

मे १९५३ मध्ये सरकारने हे कोटे किमान १० टक्क्यांनी वाढवले. तेवढ्याच पैशांत जास्त काम! १६ जूनला बर्लिनमधल्या स्टालिनआले या रस्त्यावरच्या बांधकाम कामगारांनी काम टाकून मोर्चा काढला. त्याच दिवशी सरकारने वाढ मागे घेतली, पण आता उशीर झाला होता. दुसऱ्या दिवशी संप शेकडो गावांत पोहोचला, लॉयना आणि बिटरफेल्डचे रसायन कामगार रस्त्यावर आले, मुक्त निवडणुकांची मागणी झाली. सोव्हिएत रणगाड्यांनी उठाव चिरडला. किमान ५५ माणसं मेली. तिथला कामगार मुकाट होता असं म्हणणं हा या माणसांवर अन्याय आहे. १९४९ च्या राज्यघटनेत संपाचा हक्क लिहिलेला होता, १९६८ च्या घटनेतून तो काढून टाकला गेला.

‘नोकरी पक्की, म्हणून कामचुकारपणा’ हेही अर्धंच खरं. सुटे भाग किंवा कच्चा माल वेळेवर न आल्याने यंत्रं थांबत, आणि मग योजनेचा आकडा गाठायला महिनाअखेरीस जादा पाळ्या कराव्या लागत. रिकामा वेळ कामगाराने मागून घेतलेला नव्हता.

पाळणाघर, दवाखाना, स्वस्त जेवण या गोष्टी निव्वळ प्रचार होत्या का? नाही. मोठ्या कारखान्यांत त्या खरोखर होत्या, आणि त्यांच्या आधाराने १९८० च्या दशकात कामाच्या वयातल्या सुमारे ९० टक्के स्त्रिया नोकरीत किंवा शिक्षणात होत्या. पण म्हणून घरात समानता आली, असं मला वाटत नाही. महिन्यातून एक दिवस घरकामासाठी पगारी सुट्टी मिळे, ती मुख्यतः बायकांनाच. घर बाईनेच सांभाळायचं, हे कायद्यानेच गृहीत धरलं होतं.

१९९० मध्ये दोन्ही जर्मनी एक झाल्यानंतर तिथले बरेच कारखाने बंद पडले. नोकरीबरोबर कँटीन, पाळणाघर, सोबतीही गेले. त्याबद्दल हळहळणाऱ्या कामगाराला हुकूमशाहीच परत हवी आहे, हा आणखी एक गैरसमज.