त्राक्वे येथील एक दिवस

व्हिएतनामांतील होई आन हें जुनें बंदर युनेस्कोनें १९९९ सालीं जागतिक वारशाच्या यादींत घेतलें. तेथून सुमारें तीन किलोमीटरांवर त्राक्वे हें भाजीपाल्याचें गांव आहे. पाहुण्यांनीं भातखाचरांच्या कडेनें सायकलीवरून तेथें जावें, घटकाभर मळ्यांत राबावें व मग स्वतः रांधून जेवावें, असा परिपाठ आहे. त्याप्रमाणें आम्हीही सहकुटुंब गेलों.

तेथील शेतकरी नदींतील शेवाळ आणून खत म्हणून रेताड मातींत मिसळतात. आम्हीं वाफा खणला व दोन झाऱ्यांची कावड खांद्यावर घेऊन पाणी घातलें. थोडक्याच वेळांत खांदा भरून आला.

पुढें तांदळाचें पीठ, हळद व नारळाचें दूध यांचें 'बान सेओ' केलें. वाचकांनीं तें आपलें घावनच समजावें. तव्यावरील चुरचुर आवाजावरून त्यास हें नांव पडलें. तेथें त्यांत कोळंबी व मांस घालतात. आम्हीं मोडांवरच भागविलें.

अन्न टाकूं नये, असें आपण मुलांस नित्य सांगतों. त्या दिवशीं न सांगतां आमच्या नातवंडांनीं पानांत कांहीं टाकलें नाहीं. सुटींत मुलांस एक दिवस जवळच्या मळ्यांत अवश्य न्यावें. पाहावयास नव्हे, पाणी घालावयास.