भिंत नसलेल्या जेलवर शांतारामबापूंनी पिक्चर काढला, पण तो लिहिला कोणी?

'दो आँखें बारह हाथ' हा पिक्चर तुम्ही पाहिला नसेल तरी त्यातली प्रार्थना शाळेत नक्की म्हटली असेल. व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शन केलं आणि जेलरची भूमिकाही केली, हेही बऱ्याच जणांना माहीत असतं.

पण हा पिक्चर लिहिला कोणी, असं विचारलं की गाडी अडते.

उत्तर आहे, 'गीतरामायण'वाले गदिमा. म्हणजेच गजानन दिगंबर माडगूळकर.

गदिमांचा जन्म १ ऑक्टोबर १९१९ चा, आजोळी शेटफळे इथला. त्यांचं माडगूळ गाव आटपाडी भागातलं. हा भाग तेव्हा औंध संस्थानात होता. घरची गरिबी, त्यात मॅट्रिकला नापास. पोटासाठी ते कोल्हापूरच्या फिल्म कंपनीत गेले. १९३८ च्या 'ब्रह्मचारी'मध्ये छोटंसं काम केलं, मग वि. स. खांडेकरांकडे लेखनिक म्हणून राहिले. मोठा लेखक पटकथा कशी लिहितो, ते तिथं जवळून पाहायला मिळालं.

१९४७ ला 'रामजोशी' आला आणि गदिमांचं नाव झालं. पुढं दिग्दर्शक राजा परांजपे, संगीतकार सुधीर फडके आणि गदिमा असं त्रिकूट जमलं. १९५२ च्या एकाच वर्षात 'लाखाची गोष्ट' आणि 'पेडगावचे शहाणे' असे दोन पिक्चर आले.

आता मूळ मुद्दा.

औंधचे राजे होते भवानराव पंतप्रतिनिधी. त्यांच्या राज्यात एक भन्नाट प्रयोग झाला. मॉरिस फ्रीडमन नावाचा पोलंडचा इंजिनिअर, ज्याला लोक भारतानंद म्हणायचे, त्याच्या पुढाकारातून आटपाडीजवळ स्वतंत्रपूर नावाची कैद्यांची वसाहत उभी राहिली. ना उंच भिंती, ना गज. खुनाची शिक्षा झालेले कैदी तिथं बायकापोरांसोबत राहायचे आणि शेती करायचे.

म्हणजे ही जागा गदिमांच्या अगदी घराजवळची. त्यावरच त्यांनी गोष्ट रचली. सहा खुनी कैदी, एक जेलर आणि ओसाड माळरान. जेलरचे दोन डोळे, कैद्यांचे बारा हात, झालं पिक्चरचं नाव.

१९५७ ला पिक्चर आला. राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं. १९५८ ला बर्लिनच्या महोत्सवात सिल्व्हर बेअर मिळालं. आटपाडीच्या माळावरची गोष्ट जर्मनीपर्यंत पोचली.

मग गदिमांचं नाव मागं का राहिलं?

एक कारण साधं आहे. गाणं लोकांच्या तोंडात बसतं, पटकथा पडद्यामागं राहते. त्यात १ एप्रिल १९५५ पासून पुणे आकाशवाणीवर 'गीतरामायण' सुरू झालं. वर्षभर, एकूण ५६ गाणी. त्यानंतर गदिमा म्हणजे गीतकार, हे समीकरण पक्कं झालं. गंमत म्हणजे 'दो आँखें'ची गाणी त्यांची नाहीतच, ती भरत व्यासांची.

पुढं १९६९ ला पद्मश्री मिळाली. १९७३ ला आपल्या विदर्भात, यवतमाळला साहित्य संमेलन भरलं तेव्हा अध्यक्ष गदिमाच होते. १४ डिसेंबर १९७७ ला ते गेले.

मुलचेऱ्यापासून मुंबईपर्यंत कुठंही झाडीपट्टीचं नाटक लागू दे नाहीतर सिनेमा, आपण आधी हिरो कोण ते विचारतो. पुढच्या वेळी पाटीवर लेखकाचं नावही शोधा. सगळं तिथूनच सुरू झालेलं असतं.