कर्ज पन्नास लाखांचं, हिशेब वीस वर्षांचा

फ्लॅटचा नकाशा बघून झाला, पार्किंग कुठे ते कळलं, की बिल्डरच्या ऑफिसात बसलेलं कुटुंब एकच प्रश्न विचारतं: "हप्ता किती बसेल?" समोरचा माणूस पाठ असल्यासारखं सांगतो, "लाखाला आठशे अडुसष्ट." साडेआठ टक्के व्याज आणि वीस वर्षांची मुदत धरली, तर हा आकडा बरोबर आहे. पन्नास लाखांच्या कर्जाला महिना ४३,३९१ रुपये. नवरा-बायको दोघांचे पगार, मुलांची फी, गावी पाठवायचे पैसे मनातल्या मनात मांडतात. चेहऱ्यावर थोडी ओढाताण दिसली, की दुसरा आकडा येतो: "मग तीस वर्षांचं करा, लाखाला सातशे एकोणसत्तर." हप्ता ३८,४४६ वर उतरतो. महिन्याला पाच हजार वाचले, घर बजेटात बसलं, टोकनची रक्कम दिली जाते.

वीस वर्षांत बँकेला एकूण १ कोटी ४ लाख रुपये जातात, तीस वर्षांत १ कोटी ३८ लाख. म्हणजे दरमहा पाच हजारांची सवड चौतीस लाखांना पडली. आणि हेच कर्ज पंधरा वर्षांत फेडलं असतं, तर हप्ता ४९,२३७ झाला असता आणि एकूण रक्कम ८८ लाख ६३ हजार. व्याजाचा दर तिन्ही वेळी तोच आहे, बदलली ती फक्त मुदत. पाव टक्का दर कमी मिळावा म्हणून लोक चार बँकांचे उंबरठे झिजवतात, ते योग्यच आहे. पण मुदतीच्या रकान्यात वीस लिहायचं की तीस, हे मात्र फॉर्म भरणाऱ्या एजंटवर सोडून देतात. माझं सगळं म्हणणं या एका रकान्याबद्दल आहे.

कर्ज मंजूर झालं, की बँक परतफेडीचं वेळापत्रक देते. २४० ओळी, प्रत्येक ओळीत हप्ता, त्यातलं व्याज, त्यातलं मुद्दल आणि उरलेली शिल्लक. बहुतेक घरांत हा कागद फाइलच्या तळाशी जातो. तो एकदा चहा घेत शांतपणे वाचावा. पहिल्या ओळीत ४३,३९१ पैकी व्याज ३५,४१७ आणि मुद्दल ७,९७४. साठाव्या ओळीशी, म्हणजे पाच वर्षांनी, तुमचे २६ लाख भरून झालेले असतात आणि मुद्दल सहा लाखांनीही कमी झालेलं नसतं. दहा वर्षं झाली, निम्मा प्रवास संपला असं वाटतं, आणि शिल्लक दिसते ३५ लाख. पन्नासचे पंचवीस व्हायला चौदावं वर्ष संपत येतं. ज्यांना सातव्या-आठव्या वर्षी बदलीमुळे किंवा मोठ्या घरासाठी फ्लॅट विकावा लागतो, त्यांना हा आकडा पहिल्यांदा तेव्हा कळतो, आणि धक्का बसतो.

"बँका आधी सगळं व्याज कापून घेतात" ही तक्रार सगळीकडे ऐकू येते. ती खरी नाही. दर महिन्याला व्याज लागतं ते त्या दिवशीच्या शिल्लक मुद्दलावर. सुरुवातीला मुद्दल मोठं, म्हणून व्याज मोठं. हप्ता वेळेवर भरत राहिलात, तर व्याजावर व्याजही चढत नाही. यात फसवणूक नाही, पण पद्धत दुसरीही असू शकते, हे दाखवणारं एक उदाहरण सरकारच्याच घरात आहे. केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांना घरबांधणी अग्रिम मिळतो. २०१७ च्या नियमांनुसार त्याची मर्यादा २५ लाख, व्याज सरळ, आणि वसुली आधी मुद्दलाची, पंधरा वर्षांत. मग पाच वर्षांत व्याजाची. त्या वेळी सरकारने स्वतःच तुलना मांडली होती: बँकेकडून ८.३५ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतलेले २५ लाख फेडताना ५१.५० लाख जातात, तर अग्रिमाचा दर साडेआठ, म्हणजे बँकेपेक्षा जास्त असूनही ४०.८४ लाख. दर जास्त आणि खर्च जवळपास अकरा लाखांनी कमी! खासगी नोकरीतल्या माणसाला हा अग्रिम मिळणार नाही. पण मुद्दल लवकर कमी झालं, तर काय होतं ते यातून स्वच्छ दिसतं, आणि तेवढं आपल्या हातात असतं. त्याकडे पुढे येतो.

त्याआधी २०२२ सालाबद्दल बोललं पाहिजे. करोनाच्या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवर आणला होता, आणि गृहकर्जं पावणेसात टक्क्यांच्या आसपास, काही ठिकाणी त्याहूनही स्वस्तात मिळत होती. महाराष्ट्र सरकारने सप्टेंबर २०२० पासून काही महिने मुद्रांक शुल्कातही सवलत दिली, आणि पुण्या-मुंबईत लोकांनी घरं घेतली. मग ४ मे २०२२ रोजी रिझर्व्ह बँकेने अचानक दर वाढवला, आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो ६.५० वर गेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाशी जोडणं सक्तीचं आहे, आणि बहुतेक बँकांनी रेपो दरच निवडला आहे. त्यामुळे ही वाढ सरळ खात्यांवर उतरली.

पण हप्ता पुष्कळांचा बदलला नाही. बँकांनी मुदत वाढवली. समजा, २०२२ च्या सुरुवातीला ६.७५ टक्क्यांनी पन्नास लाख वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता ३८,०१८. वर्षभराने दर ९.२५ झाला आणि मुद्दल ४९ लाखांच्या आसपास होतं. आता महिन्याचं व्याजच ३७,७७१ झालं. मुद्दलात जमा होणार २४७ रुपये. मुदत जशी आहे तशी ठेवायची, तर हप्ता ४५,७०० च्या वर न्यावा लागतो. आणि ३८,०१८ चाच हप्ता चालू ठेवला, तर कर्ज फिटायला चोपन्न वर्षांहून जास्त लागतील. प्रत्यक्षात वयाची आणि मुदतीची मर्यादा आडवी येते आणि बँक कधीतरी हप्ता वाढवते. तोपर्यंत खातेदाराला काही जाणवत नाही, कारण पगाराच्या खात्यातून दर महिन्याला तेवढेच पैसे वजा होत असतात.

ही गोष्ट रिझर्व्ह बँकेलाही खटकली. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने तिने बँकांना बजावलं: दर वाढल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं, हे कर्जदाराला विचारा, स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय द्या, मुदत इतकी ताणू नका, की हप्त्यातून व्याजही निघणार नाही, आणि दर तिमाहीला आजवर किती मुद्दल, किती व्याज वसूल झालं, किती हप्ते उरले, ते लेखी कळवा. ही तिमाही माहिती मेलमध्ये येऊन पडते. त्यातला "उरलेले हप्ते" हा एकच आकडा वाचला तरी पुरे. मागच्या वेळेपेक्षा तो निदान तीनने कमी झाला पाहिजे. वाढला असेल, तर शाखेत जाऊन विचारायचा तुम्हाला अधिकार आहे.

२०२५ मध्ये दर उलट फिरले. रेपो फेब्रुवारीपासून उतरत जूनमध्ये ५.५० वर आला. अशा वेळी हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो. कृपा करून करू नका. हप्ता तोच ठेवला, तर २०२२-२३ मध्ये लांबलेली मुदत आपोआप आत येते. आणि तुमचं कर्ज रेपोशी जोडलेलं आहे का, हे बघा. एमसीएलआर किंवा बेस रेट या बँकेच्या स्वतःच्या मापदंडांवरची जुनी कर्जं आपोआप रेपोवर येत नाहीत, बदलीसाठी अर्ज करावा लागतो. आणि हाउसिंग फायनान्स कंपन्यांना २०१९ चा नियम लागूच नाही, त्यांचा मूळ दर त्या स्वतः ठरवतात.

आता हप्त्याबाहेरचा खर्च. पुण्यात ७० लाखांचा बांधकाम चालू असलेला फ्लॅट धरू. मुद्रांक शुल्क, मेट्रो अधिभारासकट, ७ टक्के, म्हणजे ४ लाख ९० हजार (फक्त स्त्रीच्या नावावर असेल तर एक टक्का कमी). नोंदणी ३० हजार. जीएसटी ५ टक्के, साडेतीन लाख. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेल्या तयार घराला तो लागत नाही. झाले पावणेनऊ लाखांच्या आसपास, आणि यासाठी सहसा बँक कर्ज देत नाही. कर्ज पन्नास लाख, तर वरचे वीस आणि हे पावणेनऊ स्वतःचे हवेत. ते पुष्कळदा पीएफमधून काढले जातात. पीएफला २०२३-२४ साठी ८.२५ टक्के करमुक्त व्याज मिळालं, ते बंद झालं, तर तोही घराचाच खर्च. तो कुठल्या कागदावर दिसत नाही एवढंच.

बांधकाम चालू असताना अनेक जण प्री-ईएमआय निवडतात, म्हणजे बँकेने बिल्डरला जेवढे पैसे दिले तेवढ्यावरचं फक्त व्याज भरायचं. सरासरी तीस लाख दिलेले असतील आणि ताबा मिळायला तीन वर्षं लागली, तर साडेसात लाखांच्या वर व्याज जातं, सोबत घरभाडं चालू असतं, आणि मुद्दलातला एक रुपयाही हलत नाही. वीस वर्षांची मोजणी त्यानंतर सुरू होते. प्रकल्प रखडला, तर काय होतं ते ठाणे-पनवेलच्या पट्ट्यातल्या कितीतरी घरांना विचारा. शक्य असेल, तर पहिल्या दिवसापासून पूर्ण हप्ता सुरू करावा.

मंजुरीच्या वेळी कर्जासोबत एक विमाही गळ्यात पडतो. एकरकमी हप्ता, समजा दीड लाख, आणि "तो कर्जातच घालून देतो" असं सांगितलं जातं. मग त्या दीड लाखाचेही वीस वर्षांत तीन लाख बारा हजार होतात. घरात कमावणाऱ्याचा विमा हवाच, त्याबद्दल दुमत नाही. पण बाहेरून साधा टर्म विमा घ्यावा. याच कंपनीचा विमा घ्या अशी सक्ती बँक करू शकत नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या गृहकर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट' देणं बंधनकारक आहे. प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी, विमा वगैरे धरून कर्जाचा खरा वार्षिक दर किती पडतो, ते त्यात लिहिलेलं असतं. जाहिरातीतल्या दरापेक्षा हा आकडा शेजारी-शेजारी ठेवून दोन बँकांची तुलना करा.

"पण टॅक्स वाचतो ना?" हा प्रश्न हमखास येतो. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत्या घरासाठी वर्षाला दोन लाखांपर्यंतच्या व्याजाची वजावट मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याज ४ लाख २१ हजार आहे. अर्ध्याहून जास्त व्याजाला काही मिळत नाही. तीस टक्क्यांच्या टप्प्यात असाल, तर सेससह फार तर ६२,४०० रुपये वाचतात. नव्या प्रणालीत, जी २०२३-२४ पासून मूळ पर्याय झाली आहे, राहत्या घराच्या व्याजाला ही वजावटच नाही. कर वाचवण्यासाठी कर्ज लांबवणं हा हिशेब कुठूनच जुळत नाही.

एवढं सगळं वाचून भाड्यानंच राहावं असं कुणाला वाटेल. तसं मला म्हणायचं नाही. महागाई ५ टक्के धरली, तर वीस वर्षांनंतरच्या ४३,३९१ रुपयांची किंमत आजच्या सव्वासोळा हजारांच्या जवळपास असेल. पगार वाढत जातो, हप्ता तिथेच राहतो, आणि भाडं मात्र दर अकरा महिन्यांच्या कराराला चढतं. म्हातारपणी डोक्यावर स्वतःचं छप्पर असणं याची किंमत कुठल्या सूत्रात बसत नाही. म्हणून एक कोटी चार लाखांचा आकडा ऐकून घाबरू नये, तो कमी कसा होईल ते बघावं.

आणि तो कमी होतो. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले, तर बँकेला दंड लावता येत नाही, हा नियम २०१२ पासून आहे. त्याचा फायदा कधी घेतला यावर सगळं अवलंबून असतं. पहिल्या वर्षाच्या शेवटी दोन लाख जादा भरले, तर शेवटचे एकवीस हप्ते गळतात आणि सात लाखांच्या वर व्याज वाचतं. तेच दोन लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले, तर जेमतेम एक लाख. दिवाळीचा बोनस आला, की वर्षातून एक जादा हप्ता भरायचा असं ठरवलं, तर वीस वर्षांचं कर्ज साधारण सोळा वर्षं आठ महिन्यांत संपतं आणि दहा लाख वाचतात. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवला, तर सव्वाबारा वर्षांत मोकळे होता. व्याज १९ लाखांहून जास्त वाचतं. मला हा शेवटचा मार्ग सर्वांत आवडतो, कारण त्यात एकदम मोठी रक्कम लागत नाही. मात्र सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला असल्याशिवाय जादा भरणा करू नका, नोकरी गेली तर बँक आधी भरलेले पैसे परत देत नाही. भरताना अर्जावर स्पष्ट लिहा: हप्ता तोच ठेवावा, मुदत कमी करावी. पावती आणि नवं वेळापत्रक हातात घेऊनच शाखेतून बाहेर पडा.

कर्ज संपल्यावरचं काम अनेकांचं राहून जातं. सगळी परतफेड झाल्यापासून तीस दिवसांत मूळ कागदपत्रं परत देणं आणि बोजा उतरवणं बँकेवर बंधनकारक आहे. बँकेच्या चुकीने उशीर झाला, तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते. हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. मूळ करारनामा, नोंदणीची पावती आणि इंडेक्स टू यादीशी ताडून घ्या. 'नो ड्यूज'चं पत्र घ्या, सेरसायच्या (तारण मालमत्तांच्या केंद्रीय नोंदवहीच्या) नोंदीतून बोजा निघाल्याची खात्री करा, आणि त्या पत्राची प्रत सोसायटीच्या सेक्रेटरीला देऊन तिच्या दप्तरातली बँकेच्या बोजाची नोंद काढून घ्या.